डीगचा हौद

मराठी माणसाच्या कानावर डीग हे नाव पडते ते बहुधा एकाच संदर्भात, आणि तेही अर्ध्या वाक्यापुरते. पानिपतावरून जीव वाचवून निघालेली माणसे भरतपूरच्या जाट राजाच्या मुलखात पोहोचली, तिथे त्यांना आसरा मिळाला आणि मग ती ग्वाल्हेरच्या वाटेला लागली, एवढे सांगून इतिहासाचे पुस्तक लगेच पुण्याकडे वळते. शाळेत असताना मीही त्याच वेगाने पान उलटले होते. गेल्या जानेवारीत बाबांना घेऊन भरतपूरला गेले ती खरे तर केवलादेवच्या अभयारण्यातले पक्षी पाहण्यासाठी. तिथे उतरलो होतो त्या ठिकाणी एका दिवसाच्या सहलीची पाटी लावलेली होती. सकाळी निघायचे, मार्गदर्शकाबरोबर डीगचे महाल आणि बागा पाहायच्या आणि अंधार पडण्यापूर्वी परत यायचे, असा तो कार्यक्रम होता. बाबांनी पाटी दोनदा वाचली आणि म्हणाले, "अगं, आपली माणसं गेली होती तेच हे डीग. पक्षी काय, उद्याही दिसतील."

बाबांनी उभी हयात पाटबंधारे खात्यात काढली. कालव्याच्या कडेने सायकलवरून फिरायचे, चाऱ्यांची दारे तपासायची, कोणाच्या शेताला किती तास पाणी मिळाले याची वहीत नोंद ठेवायची आणि उन्हाळी पाळीच्या वेळी होणारी भांडणे सोडवायची, यात त्यांची तीस-बत्तीस वर्षे गेली. त्यामुळे कोणतीही बाग पाहताना त्यांची नजर आधी फुलांवर जात नाही. पाणी कुठून येते, कशाच्या बळावर चढते आणि शेवटी कुठे जिरते, हे त्यांना अगोदर कळावे लागते. लहानपणी मला या सवयीचा कंटाळा येत असे. डीगला मात्र बाबांची हीच सवय माझ्या उपयोगी पडली, कारण ती जागा पाहायची रीतच मुळी ती आहे.

सकाळी सात वाजता बाहेर दाट धुके होते आणि मिनीबसच्या काचांवरून पाणी ओघळत होते. आम्ही अकरा जण होतो. मार्गदर्शक पन्नाशीचे, डीग परिसरातच वाढलेले गृहस्थ होते. बोलणे हिंदीत, पण मधूनच ब्रज बोलीचा गोडवा उतरत असे. निघण्यापूर्वी त्यांनी बसच्या पुढच्या भागात उभे राहून एकेकाकडे बोट दाखवत माणसे मोजली, अकरा हा आकडा मोठ्याने उच्चारला आणि मगच चालकाला निघण्याची खूण केली. दिवसभर प्रत्येक ठिकाणी चढता-उतरताना त्यांनी हा नेम मोडला नाही.

भरतपूरहून डीग साधारण ३५ किलोमीटर आहे आणि वाटेत कुम्हेर लागते. मार्गदर्शकांनी ते नाव सहज उच्चारले आणि बाबा खिडकीकडे सरकले. आपल्याकडच्या पुस्तकांत या गावाला कुंभेरी म्हणतात. १७५४ साली राघोबादादा आणि मल्हारराव होळकर यांच्या फौजांनी राजा सूरजमलांच्या या किल्ल्याला वेढा घातला होता आणि त्याच वेढ्यात मल्हाररावांचा एकुलता एक मुलगा खंडेराव तोफेचा गोळा लागून पडला. अहिल्याबाई तेव्हा तिशीच्या आत होत्या. त्या सती जायला निघाल्या आणि सासऱ्यांनी त्यांना अडवले, हे आपल्याकडे घरोघर ठाऊक आहे. पण ते घडले ते या गहू-मोहरीच्या सपाट रानात, याचा विचार मी कधी केला नव्हता. खंडेरावांची छत्री कुम्हेरजवळच्या गांगरसोली गावी आहे आणि ती, ज्यांच्याविरुद्ध ते लढत होते, त्या सूरजमलांनीच बांधली. आमच्या कार्यक्रमात ती नव्हती. धुक्यातून मोहरीचा पिवळा रंग तेवढा पुसट दिसत होता आणि बाबा काच रुमालाने पुसून पुसून बाहेर पाहत होते.

डीगमध्ये शिरल्यावर गाव अगदी सर्वसाधारण वाटते. मग सिंहपोळ नावाचा दरवाजा येतो आणि तो ओलांडला की आवाज एकदम मागे राहतो. समोर चौकोनी बाग, ती चार भागांत विभागणारे फरसबंद रस्ते, रस्त्यांच्या मधोमध कारंज्यांच्या ओळी आणि चारही बाजूंना एकेक भवन, अशी ती रचना आहे. मोगल चारबागेची आखणी इथे आहे. फरक एवढाच की चारबागेच्या मध्यभागी थडगे किंवा महाल पाहायची आपल्या डोळ्यांना सवय झालेली असते आणि इथे मधली जागा पाण्यासाठी मोकळी सोडलेली आहे. इमारती कडेला उभ्या राहून पाण्याकडे पाहतात. दगड बन्सी पहाडपूरचा आहे, फिकट बदामी रंगाचा, सकाळच्या उन्हात किंचित गुलाबीकडे झुकणारा. अयोध्येच्या नव्या राममंदिरासाठी दगड गेला तो याच खाणींच्या परिसरातून.

त्या दिवशी एकही कारंजे चालू नव्हते. वर्षातून मोजक्या दिवशी, होळीच्या आणि पावसाळ्यातल्या जत्रेच्या सुमारास ती सोडतात, हे मार्गदर्शकांनी आरंभीच सांगून टाकले. आमच्यातल्या दोघा-तिघांचे चेहरे पडले. ती निराशा मला समजते, कारण छायाचित्रांत दिसणारे रंगीत फवारे मनात घेऊनच आपण आलेलो असतो. तरीही मी म्हणेन की डीग पहिल्यांदा पाहायचे असेल तर कोरडेच पाहावे. पाणी वाहत असते तेव्हा आपण पाण्याकडे पाहतो. ते नसते तेव्हाच ते आणण्यासाठी, चढवण्यासाठी आणि वाटण्यासाठी माणसांनी काय काय करून ठेवले आहे, ते उघडे दिसते. कालवा कसा बांधला आहे हे पाळी नसताना कळते, असे बाबा नेहमी म्हणत असत.

पश्चिमेकडचे गोपाल भवन हे सगळ्यांत मोठे. बागेकडून पाहिले तर ते दुमजली दिसते, पण मागच्या बाजूला, गोपाल सागर तलावाकडे, आणखी खालचे मजले आहेत आणि ते पाण्याला टेकलेले आहेत. ऐन उन्हाळ्यात राजघराण्याची माणसे या खालच्या मजल्यांत येऊन राहत. तलावावरून येणारा वारा आधी पाण्याला लागून मग खोल्यांत शिरतो. पंख्यापेक्षा ही युक्ती थोर. भवनाच्या दोन्ही बाजूंना दोन लहान मंडप आहेत आणि त्यांची नावे सावन आणि भादों. श्रावण आणि भाद्रपद ही महिन्यांची नावे घराला द्यावीत, यातच या जागेची सारी ओढ आली. व्रजभूमीतला उन्हाळा, राजस्थानच्या वाळवंटाकडून येणारी लू आणि आकाशाकडे लागलेले डोळे ज्यांनी अनुभवले आहेत, त्यांनीच पावसाला असे नाव धरून घरी बोलवावे. गोपाल भवनाच्या आत जुने सामानसुमान जपून ठेवलेले आहे आणि गेल्या शतकात बऱ्याच उशिरापर्यंत राजघराण्याचा इथे वावर होता. पण खुर्च्या आणि पलंग पाहण्यात माझे मन फारसे रमले नाही.

बाहेर चौथऱ्यावर संगमरवरी कमानीचा एक हिंदोळा आहे. तो मोगलांच्या महालातून लुटीत आणला, असे सांगतात. बाकी सगळ्या बदामी दगडात तो पांढरा झोपाळा वेगळा उठून दिसतो, आणि झोपाळ्याला दोर व फळी नसल्यामुळे नुसती कमान उभी राहिलेली असते. आमच्यातल्या एका लहान मुलीने मार्गदर्शकांना विचारले की यावर बसायचे कसे. त्यांनी तिला कमानीच्या बरोबर मध्ये उभे केले, समोरच्या रस्त्याकडे तोंड करून तिला डोळे मिटायला लावले आणि सांगितले, "बिटिया, सामने सब फव्वारे चल रहे हैं, ऐसा सोचो." ती खरोखरच काही वेळ डोळे मिटून उभी राहिली आणि पायाने झोका दिल्यासारखे करू लागली.

पूर्वेला, रूपसागर तलावाच्या बाजूला, केशव भवन आहे. ही एक मजली, चारही बाजूंनी कमानींनी मोकळी अशी बारादरी आहे आणि तिच्यात राहण्याजोगे काहीही नाही. ती बांधली ती पाऊस पाडण्यासाठी. आतल्या बाजूने पाण्याचा पाट फिरवलेला आहे, त्यात आणि त्याच्या कडेने कारंज्यांची तोंडे आहेत, आणि कमानींच्या वर, छज्जाच्या आसपास, बारीक छिद्रे आहेत. वरून पाणी सोडले की त्या छिद्रांतून सरी लागत, खालून कारंज्यांचे तुषार उडत आणि मध्ये बसलेल्या माणसाच्या चहूबाजूंनी पावसाचा पडदा उभा राही. एवढ्यावरही ते थांबले नव्हते. छत दुहेरी होते आणि त्याच्या पोकळीत दगडाचे जड गोळे ठेवलेले असत. पाण्याचा लोंढा आला की ते गोळे एकमेकांवर आपटत घरंगळत आणि ढगांचा गडगडाट ऐकू येई, असे मार्गदर्शकांनी सांगितले. ज्येष्ठाच्या कोरड्या दुपारी, बाहेर लू वाहत असताना, आत मेघगर्जना होऊन पाऊस सुरू होई.

मी एका कमानीखाली जाऊन वर पाहिले. एका छिद्राच्या तोंडाशी दगड झिजून गुळगुळीत झाला होता आणि त्याखाली भिंतीवर क्षाराची पांढरट रेघ सरळ खाली उतरत गेली होती. पाणी नेमके कुठून कुठे पडत होते ते ती रेघ सांगत होती. बाबांनी तिच्यावर बोट ठेवून शेजारच्या छिद्राखालची रेघ पाहिली, मग तिच्या पलीकडची पाहिली आणि म्हणाले, "सगळ्यांना सारखंच पाणी मिळत होतं बघ. एकही जागा कोरडी ठेवलेली नाही." पाटाच्या पहिल्या शेताला भरपूर आणि शेपटाकडच्या शेताला चिखल, ही कालव्याची जुनी व्यथा आहे आणि तीस वर्षे तिच्याशी झगडलेल्या माणसाला शेवटच्या छिद्राखाली पहिल्याइतकीच ठळक रेघ दिसावी, याचे समाधान काय असते ते मला त्यांच्या चेहऱ्यावर दिसले.

मग बाबांनी साहजिकच तो प्रश्न विचारला. पाणी चढवत कसे होते? मार्गदर्शकांचा चेहरा उजळला. एवढ्या लोकांना इथे आणतो, पण फार थोडे जण हे विचारतात, असे ते म्हणाले आणि दक्षिणेकडच्या किशन भवनाच्या बाजूला, उंचावर बांधलेल्या हौदाकडे आम्हांला घेऊन गेले.

या हौदापाशी आम्ही ठरलेल्या वेळेपेक्षा कितीतरी अधिक थांबलो. जमिनीपासून उंच, जाड भिंतींवर आणि कमानींवर तोललेला हा प्रचंड हौद म्हणजे या साऱ्या बागेचे काळीज आहे. तो भरण्यासाठी विहिरींवर बैलांच्या मोटा चालत. मोट हा शब्द मार्गदर्शकांना कळला नाही आणि त्यांचा चरस हा शब्द आमच्यातल्या दुसऱ्या कोणाला कळला नाही, पण बाबांनी हाताने नाडा ओढल्याची खूण केली, बैलांची धाव कुठे असेल ते उताराकडे बोट करून दाखवले, थारोळ्यात पाणी ओतल्याचा आवाज तोंडाने काढला, आणि दोघांची भाषा एक झाली. हौद पूर्ण भरायला आठवडाभर लागे आणि तो काही तासांत रिकामा होई, असे मार्गदर्शक म्हणाले. आठवडाभर बैल चालायचे, माणसे राबायची, आणि मग ते सारे कष्ट एका संध्याकाळी फुलासारखे उमलून जायचे.

हौदाच्या भिंतीत ओळीने भोके आहेत. प्रत्येक भोकातून एक नळी निघते आणि ती बागेतल्या ठरावीक कारंज्यांकडेच जाते. एरवी ही भोके बोळ्यांनी बंद केलेली असत. ज्या भागातली कारंजी उडवायची असतील तेवढेच बोळे काढायचे. पाण्यात रंग हवा असेल तर कापडाच्या पुरचुंडीत रंग बांधून ती त्या त्या भोकात बसवायची. पाणी तिच्यातून जाताना रंग घेऊन जाते आणि खाली एका ओळीत केशरी, दुसऱ्या ओळीत हिरवे असे फवारे उठतात. आजही जत्रेच्या दिवशी रंग याच रीतीने सोडतात. या साऱ्यात कुठेही यंत्र नाही. हौदाची उंची हेच बळ. पाणी ज्या पातळीवरून निघाले तिच्यावर ते कधी चढत नाही, पण तिच्या दिशेने चढायची त्याची धडपड असते, आणि नळीचे तोंड बारीक केले की तीच धडपड फवारा होऊन बाहेर पडते. बाबांनी हे आमच्या सहप्रवाशांना इतक्या सोप्या हिंदीत सांगितले की मार्गदर्शकही हातातली काठी काखेत धरून ऐकत राहिले.

मला त्या भोकांच्या ओळीने धरून ठेवले. हजारो घागरी पाणी एकत्र साठवायचे आणि मग ते एकत्रच न सांडता प्रत्येक कारंज्याला त्याच्या वाट्याचे, त्याच्या वाटेने पोहोचवायचे, यासाठी बांधणाऱ्याला प्रत्येक तोंडाचा हिशेब ठेवावा लागला असणार. त्याच सुमारास आमच्या पुण्यात नानासाहेब पेशवे कात्रजहून पाणी आणवत होते आणि पुढे शनिवारवाड्यात हजारी कारंजेही झाले. पाण्याची हौस आणि पाण्याची विद्या, दोन्ही बाजूंना होती. एका काळातली ही माणसे एकमेकांच्या किल्ल्यांना वेढे घालत होती आणि घरी परतल्यावर सारख्याच प्रेमाने कारंजी बांधत होती.

आम्ही महाराष्ट्रातले आहोत, हे बाबांच्या मोटेमुळे मार्गदर्शकांच्या लक्षात आले. त्यांनी बाकीच्यांना थोडा वेळ बागेत मोकळे फिरायला सांगितले आणि ते आमच्यासोबत हौदाच्या सावलीत बसले. "बाबूजी, आपके यहाँ के लोग यहाँ आए थे," एवढेच म्हणून ते थांबले. बाबांनी मान हलवली. मग दोघे आपापल्या बाजूने एकच गोष्ट सांगू लागले, आणि मी मध्ये बसून ती दोन्हीकडून ऐकली.

आपल्याकडची बाजू मला ठाऊक होती. १७६० च्या उन्हाळ्यात सदाशिवरावभाऊ उत्तरेत आले तेव्हा सूरजमल त्यांना येऊन मिळाले होते. बायकामुले, बाजारबुणगे आणि जड तोफा मागे ठेवा, हवे तर माझ्या किल्ल्यांत ठेवा आणि हलक्या घोडदळाने गनिमी काव्याने लढा, असा सल्ला त्यांनी दिला आणि तो मानला गेला नाही. दिल्लीच्या किल्ल्यातले दिवाण-ए-खासचे चांदीचे छत काढून भाऊंनी पैसा उभा केला, तेही सूरजमलांना रुचले नाही. शेवटी ते छावणी सोडून आपल्या मुलखात परत आले. याबद्दल आपल्याकडे दोन्ही तऱ्हांनी बोलले जाते. कोणी म्हणतात, जाटाने ऐन वेळी साथ सोडली. कोणी म्हणतात, भाऊंनी शहाण्या माणसाला गमावले. मी दुसऱ्या मताची आहे आणि डीगला जाऊन आल्यावर तर अधिकच.

मार्गदर्शकांची बाजू १४ जानेवारी १७६१ च्या संध्याकाळनंतर सुरू होते. पौष शुद्ध अष्टमीचा तो बुधवार संपला आणि वाचलेली माणसे दक्षिणेकडे पळत सुटली. थंडी होती, अंगावर कपडे नव्हते, वाटेत लुटणारे होते. त्यांत शिपाई होते, तसेच स्वयंपाकी, न्हावी, लोहार, बैलांमागचे गडी आणि यात्रेच्या आशेने फौजेबरोबर निघालेल्या बायकाही होत्या. ही माणसे सूरजमलांच्या हद्दीत शिरली तेव्हा त्यांना मारण्याचे किंवा हाकलण्याचे कारण शोधायला त्यांना कुठे जावे लागले नसते. सातच वर्षांपूर्वी याच मराठ्यांनी कुंभेरीला वेढा घातला होता. विजयी अब्दालीचा रोष ओढवून घेण्याचा धोका तर समोरच उभा होता. तरीही सूरजमलांनी आणि राणी किशोरींनी दारे उघडली. जखमींवर औषधोपचार झाले, प्रत्येकाला अन्न, वस्त्र आणि वाटखर्ची मिळाली, आणि बळ आल्यावर त्यांना संरक्षण देऊन ग्वाल्हेरकडे पोहोचवले गेले. बाजीराव आणि मस्तानीचा मुलगा शमशेरबहाद्दर घायाळ अवस्थेत इथवर आला आणि याच गावात त्याने प्राण सोडला. तो सत्तावीस वर्षांचा होता.

पानिपताची बातमी नानासाहेबांना कळली ती एका सावकाराच्या पत्रातून, हे आपण सगळे जाणतो. त्यात दोन मोत्ये गळाल्याचे लिहिले होते, मोहरा गेल्याचे लिहिले होते आणि खुर्द्याची तर गणतीच नाही, असे म्हटले होते. मोत्ये म्हणजे विश्वासराव आणि भाऊ. मोहरांची नावेही आपल्याला पाठ असतात. खुर्दा हा शब्द मात्र मी आजवर एका मोठ्या आकड्याच्या जागी वाचत आले होते. त्या हौदाखाली बसून मार्गदर्शक जेव्हा म्हणाले, "एक-एक को कपड़ा दिया, एक-एक को खाना", तेव्हा मला पहिल्यांदा जाणवले की त्या पत्रातला न मोजलेला खुर्दा इथे मोजला गेला होता. कपडा द्यायचा तर माणूस समोर उभा करावा लागतो. भाकरी द्यायची तर त्याच्या हातात द्यावी लागते. त्या थंडीत या गावात कोणीतरी आमच्या न्हाव्या-लोहारांची, आमच्या बायांची, एकेक करून रांग लावली असणार आणि रांगेच्या शेपटाला उभ्या असलेल्यालाही पुढच्याइतकेच मिळेल हे पाहिले असणार.

त्या माणसांना या बागेत कोणी आणले असेल असे मला वाटत नाही. आज दिसणाऱ्या महालांचे काम सूरजमलांच्या हयातीत आणि त्यांच्यानंतर त्यांचा मुलगा जवाहरसिंह याच्या काळात चालत राहिले, तेव्हा ती माणसे आली ती छिन्नीचे आवाज येत असलेल्या गावात आली असतील. सूरजमल स्वतःही फार जगले नाहीत; २५ डिसेंबर १७६३ रोजी नजीबखान रोहिल्याशी लढताना दिल्लीजवळ ते पडले. पानिपतावर मराठ्यांचे वाटोळे करणाऱ्यांत जो अग्रेसर होता, त्याच नजीबखानाशी झालेल्या लढाईत त्यांचा शेवट झाला, हे ऐकताना बाबांनी कपाळावर हात ठेवला.

"बाबा, तुम्हांला थंडी वाजतेय का?" मी विचारले.

"नाही गं. मी विचार करत होतो, आपल्यापैकी कोणी पुन्हा इथे येऊन आभार मानले असतील का."

मार्गदर्शकांना मराठी कळत नव्हते, पण त्यांनी विचारले म्हणून मी बाबांचे वाक्य हिंदीत सांगितले. ते हसले आणि म्हणाले, आज आलात ना.

त्यानंतरचा किल्ला आम्ही भराभर पाहिला. डीगचा किल्ला महालांपासून वेगळा आहे, मातीचे जाड तट, भोवती खंदक आणि लाखा बुरुज नावाचा एक मोठा बुरुज. त्या बुरुजावर तोफ आहे आणि वरून सारा परिसर नजरेत येतो. १३ नोव्हेंबर १८०४ रोजी याच मैदानात यशवंतराव होळकरांच्या फौजेची इंग्रजांशी लढाई झाली आणि जाटांनी किल्ल्यावरून इंग्रजांवर तोफा डागल्या. त्याची शिक्षा म्हणून लॉर्ड लेकने डिसेंबरात डीगचा किल्ला जिंकून घेतला, पण पुढे भरतपूरच्या तटासमोर मात्र त्याने चार वेळा मार खाल्ला. म्हणजे कुंभेरीला ज्या दोन घराण्यांत रक्त सांडले, त्यांच्याच वारसांनी पन्नास वर्षांनी एका बाजूने तोफा चालवल्या होत्या. बुरुजावरच्या त्या तोफेला बाबांनी हात लावला तेव्हा लोखंड बर्फासारखे थंड होते, असे ते नंतर म्हणाले.

परतीच्या आधी अर्धा तास मोकळा मिळाला आणि मी पुन्हा एकटीच बागेत गेले. ऊन उतरू लागले होते आणि गोपाल भवनाची सावली पहिल्या ओळीतल्या कारंज्यांवर आली होती. एक माळी वाफ्यात पाइपने पाणी देत होता. एक वाफा भरला की तो पाइप उचलून पुढच्या वाफ्यात ठेवत होता. आमच्याकडे याला दारे धरणे म्हणतात. पाणी कडेने फिरून मधल्या कोरड्या ढेकळापर्यंत पोहोचेतो तो थांबत होता आणि मगच पाइप हलवत होता. मी त्याला विचारले की जत्रेच्या वेळी हौदावर तो जातो का. तो म्हणाला की रंगाच्या पुरचुंड्या बसवायला पुष्कळ हात लागतात आणि तेव्हा त्यालाही बोलावतात. अनेक भोकांपैकी तीन भोके त्याची आहेत. कोणती, ते त्याने लांबूनच हाताने दाखवले. एवढ्या अंतरावरून मला ती वेगळी दिसणे शक्य नव्हते, पण त्याला दिसत होती.

संध्याकाळी पुन्हा धुके उतरले. कुम्हेर आले तेव्हा बाबांनी मार्गदर्शकांना विनंती केली की दोन मिनिटे बस थांबवता आली तर बरे होईल. कशासाठी, असे त्यांनी विचारले नाही. बाबा खाली उतरले, गांगरसोली कोणत्या दिशेला आहे ते त्यांनी चालकाकडून समजून घेतले, आणि रस्त्याच्या कडेला मोहरीच्या शेताकडे तोंड करून कानटोपी काढून उभे राहिले. मी त्यांच्या मागे उभी होते. दिसत काहीच नव्हते. शेतात कुठेतरी पंपाचा आवाज येत होता आणि पाटातून पाणी चालल्याचा तो ओळखीचा, बारीक खळखळाट त्याच्याखाली ऐकू येत होता. बाबांनी तो माझ्या आधी ऐकला आणि मान त्या बाजूला वळवली.

आम्ही बसमध्ये चढलो. मार्गदर्शकांनी आतला दिवा लावला, पुढे उभे राहून मागच्या बाकापासून एकेकाकडे बोट दाखवत मोजायला सुरुवात केली आणि बाबा जागेवर नीट बसेपर्यंत त्यांच्यापाशी थांबून मग शेवटचा आकडा उच्चारला.